वॉर्डात घडणारी सिस्टर

नर्सिंगचा प्रवेश झाला की पहिल्याच आठवड्यात मुलींना एक प्रश्न हमखास विचारला जातो: ‘या कोर्सला का आलीस?’ उत्तरही ठरलेलं असतं: ‘रुग्णसेवेची आवड आहे.’ विचारणाऱ्या ट्यूटरला आतून ठाऊक असतं की समोर बसलेल्यांपैकी कुणाचे मार्क मेडिकलला कमी पडलेत, कुणाच्या आत्याने आखाती देशात नोकरी करून गावात घर बांधलंय, कुणाच्या वडिलांनी ‘लवकर पायावर उभी राहील’ एवढ्याच हिशेबाने फॉर्म भरलाय. एखादीने मात्र खरोखरच शाळेत असल्यापासून हेच ठरवलेलं असतं. तरीही प्रश्न विचारला जातो, कारण त्यामागे एक पक्की समजूत आहे: मुलगी ज्या घरातून, ज्या हेतूने आली, तशीच ती सिस्टर होणार. माझ्या मते ही समजूत अर्धीच खरी आहे, आणि तिच्या चुकीच्या अर्ध्यामुळे नर्सिंगच्या शिक्षणाचं बरंच नुकसान झालं आहे. घर, गाव, जात, शाळेचं माध्यम, घरात पाहिलेलं आजारपण यांचा परिणाम होतो, यात वाद नाही. पण तो मुख्यतः वॉर्डातल्या पहिल्या अनुभवांचा मुलगी काय अर्थ लावते, इथे होतो. तो अर्थ पुढे कोणत्या दिशेने पक्का होणार, हे ती शिकाऊ असताना वॉर्डाची रीत काय होती आणि तिच्या शेजारी कोण उभं होतं, यावर ठरतं.

पार्श्वभूमी पाहून परिचारिका निवडण्याची कल्पना आधुनिक नर्सिंगइतकीच जुनी आहे. फ्लॉरेन्स नाइटिंगेलच्या निधीतून लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात १८६० साली शाळा सुरू झाली, तेव्हा त्या काळच्या परिचारिकांची समाजातली प्रतिमा दारू पिणाऱ्या, अडाणी बाईची होती. त्यामुळे ‘चांगल्या चारित्र्याच्या’ मुली शोधणं हे पहिलं काम ठरलं. पुढे शाळेत दोन प्रकारच्या विद्यार्थिनी आल्या. स्वतःचा खर्च करणाऱ्या वरच्या वर्गातल्या मुलींकडे भावी मेट्रन म्हणून पाहिलं जाई, तर साध्या घरातल्या मुलींकडे वॉर्डात राबणाऱ्या परिचारिका म्हणून. घराण्यावरून नेतृत्व ठरवण्याची ही पद्धत आज आपल्याला खटकते. पण त्याच शाळेत आणखी एक गोष्ट होती, तिच्याकडे कमी लक्ष गेलं. मेट्रन सारा वॉर्डरोपर यांना प्रत्येक विद्यार्थिनीचा मासिक तक्ता भरावा लागे. वक्तशीरपणा, शांतपणा, विश्वासूपणा, स्वतःची स्वच्छता आणि वॉर्डाची व्यवस्था असे त्यात रकाने होते. हे सगळे गुण जर घरूनच येत असते, तर दर महिन्याला ते पुन्हा तपासण्याचं कारणच नव्हतं. शाळेची निवड पार्श्वभूमीवर चालत होती, पण तिच्या तक्त्याला ठाऊक होतं की वागणूक महिन्यामहिन्याने बदलते.

आपल्याकडे प्रश्न जास्त गुंतागुंतीचा होता. परक्याचं मलमूत्र, रक्त, बाळंतिणीचं अंथरूण यांना हात लावणं म्हणजे विटाळ, आणि हे काम खालच्या मानल्या गेलेल्या जातींचं, ही समजूत खोल रुजलेली. त्यात परक्या पुरुषाच्या अंगाला स्पर्श आणि रात्रपाळी. परिणामी भारतातल्या नर्सिंगची सुरुवातीची फळी मोठ्या प्रमाणात मिशन रुग्णालयांतून आणि ख्रिस्ती समाजातून उभी राहिली. मिरजेच्या मिशन रुग्णालयात एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीसच परिचारिकांचं शिक्षण सुरू झालं होतं. केरळच्या ख्रिस्ती कुटुंबांतल्या मुली पुढे देशभर आणि देशाबाहेर गेल्या. पुण्यात १९०९ साली सेवासदन उभं करणाऱ्या रमाबाई रानडे यांनी तरुण विधवांना ससून रुग्णालयात परिचारिकेच्या शिक्षणाला पाठवायला सुरुवात केली, तेव्हा ब्राह्मणी पुण्यात ते सहज पचणारं नव्हतं. या विधवांची पार्श्वभूमी या व्यवसायाच्या थेट विरुद्ध होती: सोवळंओवळं पाळणारी घरं, केशवपनाच्या सावलीत वाढलेलं आयुष्य, घराबाहेर पाऊल टाकण्याची सवय नाही. ‘मूळ संस्कार’ हाच निर्णायक घटक असता, तर हा प्रयोग पहिल्याच वर्षी बंद पडायला हवा होता. तो पडला नाही, कारण त्या बायकांना मागे एक संस्था होती, सोबत शिकणाऱ्या बायका होत्या आणि परतून जायला सन्मानाची जागा होती. संस्कार पुसले गेले, असं मात्र मी म्हणणार नाही. त्यांना ओलांडून जाण्याची सोय झाली.

आता वॉर्डात येऊ. पहिल्या वर्षाच्या मुलीच्या हाती पहिल्या काही दिवसांत जी कामं येतात ती साधी दिसतात: बेड मेकिंग, टीपीआर (तापमान, नाडी, श्वास) आणि बीपी घेणं, तोंड धुऊन देणं, स्पंजिंग, बेडपॅन देणं आणि काढणं. यातलं बेडपॅनचं काम पाहण्यासारखं असतं. ज्या घरात अंथरुणाला खिळलेली आजी होती, तिथून आलेल्या मुलीला वासाची सवय असते. तिचा हात मागे जात नाही. पण तिने घरी हे काम ‘आपल्या माणसासाठी’ केलेलं असतं, आणि बऱ्याचदा घरातली धाकटी मुलगी म्हणून निमूटपणे केलेलं असतं. तिला हे कौशल्याचं काम वाटतच नाही. उलट जिने असं काही कधी पाहिलेलं नाही, ती सुरुवातीला मळमळ दाबत उभी राहते. अशा वेळी शेजारची स्टाफ सिस्टर जर म्हणाली, ‘आधी पडदा ओढ, मग कुशीवर घे, आणि काढताना मागची त्वचा बघ, लाल झालीय का,’ तर दोघींनाही एकाच क्षणी कळतं की ही निरीक्षणाची जागा आहे, इथेच बेडसोअर सुरू होण्याआधी सापडतो. आणि सिस्टर जर म्हणाली, ‘मावशी आज रजेवर आहेत, तूच कर पटपट,’ तर पहिली मुलगी समजते की इथेही आपण घरातली धाकटीच आहोत. दुसरी समजते की हे खालचं काम आहे आणि शिकून आपल्याला त्यातून सुटायचंय. काम एकच, रुग्ण एकच. पार्श्वभूमीने दोन वेगळे अर्थ तयार ठेवले होते. त्यातला कुठला उचलला जाणार, की तिसराच अर्थ हाती येणार, हे सिस्टरच्या एका वाक्याने ठरवलं.

यावर कुणी म्हणेल, मग आधी अनुभव असलेल्याच मुली घ्याव्यात. निदान वास सहन होणार नाही असं तरी होणार नाही. हा विचार इंग्लंडमध्ये सरकारी पातळीवर झालेला आहे. मिड स्टॅफर्डशायरच्या रुग्णालयात रुग्णांची भयानक हेळसांड झाल्याचं फ्रान्सिस चौकशी अहवालातून २०१३ साली बाहेर आलं, तेव्हा सरकारने सुचवलं की नर्सिंगच्या शिक्षणाआधी विद्यार्थ्यांनी एक वर्षापर्यंत मदतनीस म्हणून काम करावं, म्हणजे मुळात कणव असलेलेच पुढे येतील. ऐकायला हे पटतं. पण त्यानंतर स्कॉटलंडमध्ये नर्सिंग आणि मिडवाइफरीच्या विद्यार्थ्यांचा अभ्यास झाला. आधी शुश्रूषेचं काम केलेले आणि न केलेले यांच्या भावनिक समजेची त्यात तुलना झाली, आणि आधीच्या अनुभवाचा कसलाही फायदा दिसला नाही. हे निष्कर्ष मला अजिबात आश्चर्याचे वाटत नाहीत. मदतनीस म्हणून वर्षभर काम करणारा माणूस त्या वर्षात काहीतरी शिकतोच. प्रश्न आहे तो काय शिकतो. चांगल्या वॉर्डात तो काळजी घ्यायला शिकेल, आणि ज्या वॉर्डातून हेळसांडीच्या बातम्या आल्या, तशा वॉर्डात तो हेळसांड शिकेल.

अनुभवाविषयीचा आपला भाबडा विश्वास फिलाडेल्फियातल्या एका अभ्यासाने आणखी हलवला. तिथे २१४ नर्सिंग विद्यार्थ्यांची सहवेदना शैक्षणिक वर्षाच्या सुरुवातीला आणि शेवटी मोजली गेली. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या त्या निष्कर्षांनुसार वर्षभरात ज्यांचा रुग्णांशी जास्त संबंध आला, त्यांच्या सहवेदनेचे गुण घसरले. रुग्ण जवळून पाहिल्याने माणूस मऊ होतो, या आपल्या आवडत्या कल्पनेला हे सरळ आव्हान आहे. अर्थात एका शहरातल्या एका अभ्यासावरून जगाचा नियम काढू नये. पण त्या दिशेची कारणं फार आधीच कुणीतरी नोंदवून ठेवली होती.

इझाबेल मेन्झीस या मनोविश्लेषक बाईंनी लंडनच्या एका मोठ्या शिक्षण-रुग्णालयात १९५०च्या दशकात केलेला अभ्यास नर्सिंगविषयी लिहिलेल्या सर्वांत अस्वस्थ करणाऱ्या लेखनात मोडतो. त्यांनी पाहिलं की आजार, वेदना आणि मृत्यू यांच्या सतत जवळ राहिल्याने विद्यार्थिनींच्या मनात प्रचंड भीती साठते, आणि रुग्णालयाने त्या भीतीशी बोलण्याऐवजी तिला टाळणाऱ्या पद्धतीच तयार करून ठेवल्या आहेत. एकीने वॉर्डातल्या सगळ्यांचं तापमान घ्यायचं, दुसरीने सगळ्यांची अंथरुणं घालायची, म्हणजे कुणाचाच एका रुग्णाशी पूर्ण संबंध येत नाही. रुग्णाचा उल्लेख नावाने नाही, तर ‘दहा नंबरचं लिव्हर’ असा. झोपलेल्या रुग्णाला उठवून झोपेची गोळी द्यायची, कारण गोळीची वेळ झाली आहे. आपल्याकडच्या कुठल्याही जिल्हा रुग्णालयात काही काळ राहिलेल्या वाचकाला यातलं एकही वाक्य परकं वाटणार नाही. ‘बारा नंबरला सलाइन लाव’ हे वाक्य क्रौर्यातून येत नाही, हे मेन्झीस यांच्यामुळे समजतं. ते स्वतःला वाचवण्यातून येतं. पण त्याची किंमत मोठी असते. त्या रुग्णालयात शिक्षण अर्ध्यावर सोडणाऱ्या मुलींचं प्रमाण तिसऱ्या हिश्शाच्या आसपास होतं, आणि मेन्झीस यांच्या मते सोडून जाणाऱ्यांत संवेदनशील, कुवतीच्या मुली बऱ्याच होत्या. म्हणजे ज्यांना पार्श्वभूमीने जास्त मऊ केलं होतं, त्यांनाच वॉर्ड बाहेर ढकलत होता.

यात आपल्याकडची एक भर घालायला हवी. भारतीय परिचर्या परिषदेच्या निकषांनुसार शिकवणाऱ्या रुग्णालयाच्या सर्वसाधारण वॉर्डात तीन रुग्णांमागे एक परिचारिका असावी. प्रत्यक्षात रात्रपाळीला चाळीस खाटांच्या आणि जमिनीवरही गाद्या टाकलेल्या वॉर्डात एक-दोन सिस्टर दिसणं नवलाचं नाही. ही तूट विद्यार्थिनी भरून काढतात. कागदावर मुलगी ‘क्लिनिकल पोस्टिंग’वर असते, वॉर्डाच्या दृष्टीने ती दोन जास्तीचे हात असते. स्कॉटलंडच्या विद्यार्थिनींचा अभ्यास करणाऱ्या कॅथ मेलिया यांनी १९८०च्या दशकातच दाखवून दिलं होतं की शिकाऊ परिचारिकेला दोन मालक असतात, कॉलेज आणि वॉर्ड, आणि दोघांची नर्सिंगची कल्पना जुळत नाही. कॉलेज म्हणतं रुग्णाशी बोला. वॉर्ड म्हणतो काम उरका. रुग्णाशी बोलत उभी राहिलेली मुलगी कामचुकार ठरते. तिला थोड्याच दिवसांत कळतं की आपल्याला पास कॉलेज करणार असलं, तरी दिवस वॉर्डात काढायचे आहेत. मग ती वॉर्डाला जुळवून घेते. ऑस्ट्रेलिया आणि ब्रिटनमधल्या शेवटच्या वर्षाच्या विद्यार्थ्यांवर ट्रेसी लेव्हेट-जोन्स यांनी केलेल्या संशोधनातही हेच दिसलं: आपल्याला या गटात घेतलं जावं, ही ओढ इतकी तीव्र असते की चूक दिसत असूनही विद्यार्थी गप्प बसतात. हात न धुता ड्रेसिंग होताना पाहूनही ‘सिस्टर, हात?’ एवढे दोन शब्द तोंडातून निघत नाहीत.

इथे पार्श्वभूमी पुन्हा आत शिरते, आणि यावेळी ती जास्त निर्दय असते. सगळ्याच मुली गटात सामावून घेतलं जाण्यासाठी धडपडतात. पण काहींना ते सहज मिळतं आणि काहींना नाही. जिल्हा परिषदेच्या शाळेतून, मराठी माध्यमातून आलेली नंदुरबारकडची मुलगी इंग्रजी पुस्तकापुढे अडखळते, केस प्रेझेंटेशनला मान खाली घालते. तीच मुलगी भिली बोलणाऱ्या रुग्णाच्या खाटेशी गेली की त्याला नेमकं कुठे दुखतंय, गावच्या भगताने आधी काय दिलं होतं, गोळ्या त्याने का थांबवल्या, हे पाच मिनिटांत काढून आणते. डॉक्टरांच्या केस पेपरवर ते आलेलं नसतं. ट्यूटरने वर्गात याचा उल्लेख केला, तर तिची भाषा तिचं व्यावसायिक बळ होते. ‘आधी इंग्रजी सुधार’ एवढंच म्हटलं, तर तीच भाषा लाजेची गोष्ट होते, आणि दोन वर्षांत ती मुलगी भिली येत नसल्यासारखं वागू लागते. मुलांचंही असंच. ‘ब्रदर’ होण्यासाठी आलेल्या विद्यार्थ्याला लेबर रूमच्या दाराशी थांबवलं जातं आणि जड रुग्ण उचलायला मात्र हमखास बोलावलं जातं. मग तो नर्सिंगकडे हमालीसारखा पाहू लागला, तर दोष त्याच्या पुरुष असण्याला देता येणार नाही. म्हणून पार्श्वभूमी आणि अनुभव हे दोन वेगळे घटक मानून ‘यातलं जास्त प्रभावी कोणतं’ असं विचारणाऱ्या प्रश्नावल्या मला अपुऱ्या वाटतात. पार्श्वभूमी ही बरीचशी वॉर्ड शिकणाऱ्याला कसं वागवतो, या रूपातच काम करते.

वॉर्डाची रीत चांगल्या दिशेनेही तितकीच ताकदवान असते. मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या परिचारिका अरुणा शानबाग १९७३ साली झालेल्या हल्ल्यानंतर २०१५ साली मृत्यू येईपर्यंत तिथेच अंथरुणावर होत्या. चार दशकं अंथरुणाला खिळलेल्या देहाला बेडसोअर होऊ न देणं म्हणजे काय, हे या व्यवसायातल्यांनाच नीट कळेल: ठरावीक तासांनी कूस बदलणं, त्वचा कोरडी ठेवणं, भरवणं, आणि हे एकाही पाळीत न चुकणं. सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या निकालात तिथल्या परिचारिकांच्या या शुश्रूषेची मुक्तकंठाने दखल घेतली. कुणी म्हणेल, अरुणा त्यांच्यातल्याच होत्या, म्हणून. पहिल्या पिढीपुरतं हे खरं आहे. पण शेवटच्या वर्षांत ड्युटी करणाऱ्या अनेकींचा १९७३ साली जन्मही झाला नव्हता. त्या वेगवेगळ्या जिल्ह्यांतून, जातींतून, धर्मांतून आल्या होत्या, आणि त्यातल्या बहुतेकींनी नोकरी हवी म्हणूनच नोकरी धरली असणार. त्यांना ही जबाबदारी आधीच्या पाळीने हॅण्डओव्हरमध्ये दिली.

नोकरीसाठी आलेल्यांविषयीचा आक्षेप इथे घ्यायला हवा, कारण तो सर्वांत जास्त ऐकू येतो: परदेशी जायचं, कर्ज फेडायचं, एवढ्यासाठी आलेल्यांकडून सेवाभाव कसला अपेक्षित करायचा? हा आक्षेप मला दांभिक वाटतो. इंजिनिअर, बँकेतले अधिकारी, शल्यविशारद यांना आपण असं विचारत नाही. पोटासाठी काम करणारी बाई काळजीपूर्वक काम करणार नाही, हे गृहीतच मुळात चुकीचं आहे. शिवाय ‘सेवा’ या शब्दाच्या आड तिचा पगार, सुट्टी आणि सुरक्षितता कापली जाते, हा या व्यवसायाचा जुना अनुभव आहे. उलट मोठा धोका आदर्श घेऊन आलेल्यांना असतो. इंग्लंडमध्ये नव्याने पात्र झालेल्या परिचारिकांचा जिल मेबन आणि सहकाऱ्यांनी पाठपुरावा केला, तेव्हा शिक्षण संपताना भक्कम असलेले आदर्श दोनच वर्षांत अनेकींच्या बाबतीत तडजोडीला आलेले किंवा पुरते चिरडलेले दिसले. टिकले ते प्रामुख्याने तिथे, जिथे मनुष्यबळ पुरेसं होतं आणि वरिष्ठांचा आधार होता.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. काही माणसं मुळातच कोमल असतात आणि काही नसतात, हे आपण रोज पाहतो. मग सगळं वॉर्डावर कसं टाकायचं? सगळं टाकायचंच नाही. कुणी उद्धट, अप्रामाणिक किंवा हिंसक असेल, तर त्याला या कामात घेऊ नये, आणि घेतलं गेलं असेल तर बाहेर काढावं. पण ते टोक सोडलं, तर उरलेल्या मोठ्या मधल्या गटाबाबत सतराव्या-अठराव्या वर्षी घेतलेली मुलाखत काय सांगणार? शिवाय वृत्ती मोजण्याच्या साधनांवरही फार भिस्त ठेवता येत नाही. अमेरिकेत रिचर्ड लापियर हे समाजशास्त्रज्ञ १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला एका चिनी जोडप्याबरोबर देशभर हिंडले. अडीचशे हॉटेलं आणि खानावळींपैकी एकाच ठिकाणी त्यांना नकार मिळाला. नंतर त्या सगळ्या ठिकाणांना पत्राने विचारलं, तेव्हा उत्तर देणाऱ्यांपैकी नव्वद टक्क्यांहून अधिकांनी ‘चिनी ग्राहक घेणार नाही’ असं कळवलं. कागदावरची वृत्ती आणि दारात उभ्या माणसाशी वागणूक यांत एवढं अंतर पडू शकतं. नर्सिंग विद्यार्थिनींच्या बाबतीत ते उलट्या दिशेने पडतं: प्रश्नावलीत सगळ्याच ‘रुग्णाचा सन्मान अत्यंत महत्त्वाचा’ यावर खूण करतात. स्पंजिंगच्या वेळी पडदा ओढला गेला की नाही, हे मात्र वॉर्डात जाऊनच पाहावं लागतं.

भारतीय परिचर्या परिषदेच्या बीएस्सी नर्सिंगच्या सुधारित अभ्यासक्रमात व्यावसायिक मूल्यं आणि नीतिशास्त्र यांना स्वतंत्र जागा दिली आहे. ते चांगलंच झालं. पण वर्गात शिकलेलं मूल्य वॉर्डात पहिल्याच आठवड्यात खोटं ठरणार असेल, तर मुलगी त्यातून फक्त एकच गोष्ट शिकते: परीक्षेत काय लिहायचं आणि ड्युटीवर काय करायचं, हे वेगळं ठेवायचं. आज पहिल्या वर्षाच्या तुकड्यांची पोस्टिंग्ज बऱ्याचदा जिथे हात कमी आहेत तिथे लागतात, म्हणजे नेमकी अशा वॉर्डांत, जिथे शिकवायला कुणाला उसंत नाही. हे उलटं करावं. रुग्णालयातल्या ज्या परिसेविकांचा, म्हणजे वॉर्ड सांभाळणाऱ्या सिस्टरांचा, वॉर्ड नीट चालतो, ज्या रुग्णाला नावाने हाक मारतात आणि विद्यार्थिनीलाही, त्यांची नावं प्रत्येक अधिसेविकेला, म्हणजे मेट्रनला, तोंडपाठ असतात. पहिल्या वर्षाच्या मुलींना आधी त्यांच्या हाताखाली द्यावं, एका वॉर्डात निदान महिनाभर तरी सलग ठेवावं, आणि शिकवण्याचं काम त्या परिसेविकांच्या कामाच्या तासांत धरावं. मनुष्यबळाची तूट भरायला विद्यार्थिनी वापरणं मात्र बंद करायला हवं, आणि ते अधिसेविकेच्या हातात नाही. त्यासाठी रिक्त पदं भरावी लागतील, आणि ती सरकारनेच भरायची आहेत.